भोंगा थांबल्यानंतरचे तारुण्य : भवानी पेठ आणि सोलापूरचा पूर्व भाग

शहरात वाढणाऱ्या तरुणाच्या अबोल चिंतेचा आणि तुटलेपणाचा विचार करताना अभ्यासकांची नजर प्रथम शहराच्या आकाराकडे जाते. जर्मन समाजशास्त्रज्ञ गेओर्ग झिमेल याने १९०३ साली महानगर आणि मानसिक जीवन या विषयावर लिहिलेल्या निबंधात असे मांडले की, मोठ्या शहरात क्षणोक्षणी आदळणाऱ्या संवेदनांपासून बचाव करण्यासाठी माणूस एक प्रकारची उदासीन अलिप्तता अंगी बाणवतो, आणि पैशाच्या व्यवहाराला सरावलेले त्याचे मन माणसांकडेही मोजमापाच्या दृष्टीने पाहू लागते. बर्लिनसारख्या झपाट्याने फुगणाऱ्या शहरावरून सुचलेले हे विवेचन मुंबई-पुण्याला बऱ्याच अंशी लागू पडते. सोलापूरला मात्र ते जसेच्या तसे लावता येत नाही. २००१ च्या जनगणनेत ८,७२,४७८ असलेली सोलापूरची लोकसंख्या २०११ मध्ये ९,५१,५५८ झाली, म्हणजे दहा वर्षांत ती जेमतेम नऊ टक्क्यांनी वाढली. त्याच दशकात महाराष्ट्राची नागरी लोकसंख्या सुमारे २४ टक्क्यांनी वाढत होती. ज्या शहरात बाहेरून येणाऱ्यांचा लोंढा ओसरला आणि घरातलीच मुले बाहेर पडू लागली, तिथल्या तरुणाच्या परकेपणाचे मूळ गर्दीत सापडणार नाही. ते कामाच्या इतिहासात शोधावे लागते, आणि त्या शोधासाठी भवानी पेठेसारखी वस्ती अधिक उपयोगी ठरते.

जुन्या गावठाणाच्या बाहेर, तुळजापूरकडे जाणाऱ्या रस्त्याच्या अंगाला पसरलेली भवानी पेठ आणि तिच्यातल्या घोंगडे वस्ती, मड्डी वस्ती यांसारख्या वसाहती सोलापूरच्या कष्टकरी पट्ट्यात मोडतात. या पट्ट्याचा मोठा भाग सोलापूरकर ज्याला ‘पूर्व भाग’ म्हणतात त्याच्याशी जोडलेला आहे, आणि ‘पूर्व भाग’ म्हणजे केवळ दिशा नव्हे, तर हातमाग, यंत्रमाग आणि विडी यांवर जगलेली, घरात तेलुगू, बाजारात मराठी, शेजारात कन्नड आणि दखनी उर्दू बोलणारी वस्ती, असा त्याचा अर्थ शहरात रूढ आहे. १८६० साली रेल्वे सोलापुरात पोहोचली, १८७६-७८ च्या दुष्काळाने भोवतालच्या मुलुखातून माणसे शहराकडे लोटली, आणि निजामाच्या राज्यातील तेलंगणातून पद्मशाली विणकरांची कुटुंबे टप्प्याटप्प्याने येत राहिली. १९०१ मध्ये सुमारे ७५ हजार वस्तीचे असलेले हे शहर या आगंतुकांनीच घडवले, त्यामुळे परकेपणा ही इथे नवी गोष्ट नव्हती. नवी आहे ती त्याची जात.

विणकरांच्या व्यवस्थेत ‘कारखाना’ या शब्दाचा अर्थ आजच्यापेक्षा वेगळा होता. मालकाच्या राहत्या घराला लागून किंवा घरातच काही हातमाग मांडलेले असत. ‘कारखानदार’ सूत आणि रेशीम पुरवी, मजूर विणकर लुगडी विणत, बायका आणि मुले कांड्या भरत, म्हणजे आडव्या धाग्याचे सूत धोट्यात बसणाऱ्या लहान नळ्यांवर गुंडाळत, आणि सुताला खळ देण्याचे, ताणा लावण्याचे काम घर आणि रस्ता यांच्या सीमेवर चाले. पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेने १९४७ मध्ये प्रसिद्ध केलेले काकडे यांचे सोलापुरातील विणकर समाजांचे सामाजिक-आर्थिक सर्वेक्षण या व्यवस्थेचा महत्त्वाचा दस्तऐवज आहे. या कारखान्यांत अनेक मजूर मागाशेजारीच राहत आणि झोपत, आणि त्यांपैकी पुष्कळांच्या डोक्यावर ‘बाकी’ असे. बाकी म्हणजे लग्न, आजारपण किंवा गावाहून येण्याचा खर्च यांसाठी मालकाकडून घेतलेली उचल. ती फिटेपर्यंत दुसऱ्या मालकाकडे जाता येत नसे, आणि दुसऱ्या मालकाने नेलेच तर तो आधी ती बाकी चुकती करी, म्हणजे मजुराबरोबर त्याचे कर्जही हात बदले.

अशा घरात वाढणाऱ्या मुलाला एकटेपणा वाटत नव्हता असे म्हणणे भाबडेपणाचे होईल, परंतु एकटे राहण्याची सोय त्याला नव्हती हे निश्चित. त्याचा दिवस बापाच्या, चुलत्याच्या किंवा मालकाच्या नजरेखाली जाई. कांडी भरण्यापासून धोटा टाकण्यापर्यंतचा प्रवास हेच त्याचे शिक्षण असे, आणि पुढे काय करायचे हा प्रश्न विचारण्याआधीच त्याचे उत्तर ठरलेले असे. आजच्या मानसशास्त्रात ज्याला भविष्याविषयीची चिंता म्हणतात, तिला तिथे जागा थोडी होती, कारण भविष्य समोरच्या मागावर बसलेले दिसत होते. त्याची किंमतही उघड होती: ज्याला विणायचे नाही अशा मुलासाठी या जगात दुसरे दार नव्हते. विणकरांच्या पुराणात मात्र तरुण वयाच्या भीतीला मोठे मानाचे स्थान आहे, ही गोष्ट फारशी कोणी लक्षात घेत नाही. पद्मशाली समाज ज्या मार्कंडेयाला आपला मूळ पुरुष मानतो, ज्याच्या नावाने सोलापुरात श्रावणी पौर्णिमेला रथोत्सव निघतो, तो सोळाव्या वर्षी मृत्यू ठरलेला आणि यमाचा पाश पडताना शिवलिंगाला मिठी मारणारा किशोर आहे. पहिला विणकर मानला गेलेला भावनाऋषी हा परंपरेप्रमाणे त्याचाच मुलगा. वंशाच्या कथेच्या आरंभी विजय किंवा राज्य न ठेवता घाबरलेला सोळा वर्षांचा मुलगा ठेवणारे समाज फार नसतील.

हातमागाच्या या जगाशेजारी गिरणीचे जग उभे राहिले. मुंबईचे व्यापारी मोरारजी गोकुळदास यांच्या पुढाकाराने स्थापन झालेली सोलापूर स्पिनिंग अँड वीव्हिंग कंपनी १८७७ मध्ये सुरू झाली, आणि पुढे नरसिंग गिरजी, लक्ष्मी, विष्णू, जाम या गिरण्या आल्यावर तिला ‘जुनी मिल’ हे नाव पडले. गिरणीने शहराला घड्याळ दिले. पाळी सुरू होण्याची वर्दी देणारा भोंगा पेठांमधून ऐकू येई, आणि ज्यांचा गिरणीशी संबंध नव्हता त्यांचाही दिवस त्या आवाजाने बांधला जाई. मुलांच्या आणि तरुणांच्या वयाची कायदेशीर व्याख्याही याच गिरण्यांच्या निमित्ताने घडत गेली, आणि हा भाग थोडा थांबून पाहण्यासारखा आहे. १८८१ च्या फॅक्टरी कायद्याने ७ ते १२ वर्षांच्या मुलांकडून दिवसाला ९ तासांपर्यंत काम घेण्याची मुभा ठेवली. १८९१ मध्ये ही मर्यादा ९ ते १४ वर्षे आणि ७ तास अशी झाली. १९२२ मध्ये १२ ते १५ वर्षे आणि ६ तास. तोपर्यंत कायद्याच्या लेखी माणूस एक तर मूल असे किंवा प्रौढ. १९३४ च्या कायद्याने प्रथमच १५ ते १७ या वयाचा ‘कुमार’ हा तिसरा वर्ग निर्माण केला, आणि डॉक्टरने शारीरिक पात्रतेचा दाखला दिल्याशिवाय त्याला प्रौढाचे काम देता येणार नाही असे ठरवले. तारुण्य ही आयुष्यातली वेगळी अवस्था आहे, ही कल्पना या शहरात कवितेतून कमी आणि कारखाना निरीक्षकाच्या नोंदवहीतून अधिक आली असे म्हटले तर अतिशयोक्ती होणार नाही. यंत्रशक्तीविना चालणारे हातमाग कारखाने मात्र या कायद्याच्या कक्षेबाहेरच राहिले, म्हणून एका पेठेतला पंधरा वर्षांचा मुलगा गिरणीत ‘कुमार’ ठरत असताना त्याच वयाचा त्याचा शेजारी मागावर पूर्ण माणूस समजला जाई.

गिरणीत शिरण्याची वाट ‘बदली’तून जाई. बदली म्हणजे कायम कामगार गैरहजर असेल त्या दिवशी त्याच्या जागी घेतला जाणारा माणूस. दारात उभे राहायचे, जॉबरने, म्हणजे कामगार निवडणाऱ्या मुकादमाने, बोट दाखवले तर आत जायचे, नाही तर परतायचे. या अनिश्चिततेची तुलना आजच्या कंत्राटी नोकरीशी सहज करता येते, परंतु एक फरक राहतोच: दारात उभे असलेले सगळे एकाच चाळीतले, एकाच पेठेतले असत, आणि आज काम मिळाले नाही ही गोष्ट प्रत्येकाला दुसऱ्याच्या तोंडावर वाचता येई. नकार सामुदायिक होता. त्याला बाहेर पडायलाही वाटा होत्या. पाणीवेस तालीम, थोरला मंगळवेढा तालीम यांसारख्या तालमी, गणपती आणि नवरात्राच्या आधी चालणारे लेझमीचे सराव, कोजागरीला रात्रभर चालत तुळजापूर गाठणारे जथे, आणि या सगळ्यांच्या जोडीला कामगार संघटना. या संस्थांनी तरुणांच्या अंगातली अस्वस्थता पायांत, हातांत आणि घोषणांत उतरवली. १९३० च्या मे महिन्यात गांधीजींच्या अटकेनंतर सोलापुरात जे घडले, त्यात गिरणी कामगारांचा मोठा वाटा होता. ८ मे रोजी गोळीबार झाला, १२ मे रोजी लष्करी कायदा पुकारला गेला, आणि मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकृष्ण सारडा, जगन्नाथ शिंदे व कुर्बान हुसेन यांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवडा तुरुंगात फाशी देण्यात आली. त्या पिढीच्या रागाला पत्ता होता, आणि सोलापूरच्या सार्वजनिक स्मृतीत तोच राग जपला गेला आहे; त्याच पिढीतल्या गप्प बसलेल्या, भ्यालेल्या तरुणाची नोंद कोणी ठेवली नाही.

गिरण्यांची पडझड स्वातंत्र्यानंतर लगेच सुरू झाली. जुनी मिल ऑगस्ट १९४९ मध्ये बंद पडली, आणि जानेवारी १९५० मध्ये केंद्र सरकारने वटहुकूम काढून तिचा कारभार हाती घेतला. एका भागधारकाने त्याविरुद्ध केलेला चिरंजीतलाल चौधरी खटला हा राज्यघटनेतील मूलभूत हक्कांविषयीच्या सर्वोच्च न्यायालयाच्या अगदी आरंभीच्या निकालांपैकी एक आहे. कायद्याचे विद्यार्थी तो समतेच्या हक्कासाठी वाचतात, पण ताबा घेण्याचे कारण म्हणून कायद्यातच गिरणी बंद पडल्याने ओढवलेल्या बेकारीचा उल्लेख आहे, आणि ती बेकारी सोलापूरच्या पेठांतली होती. त्यानंतरची काही दशके यंत्रमागांनी भरून काढली. जॅकार्ड पद्धतीने विणलेली सोलापुरी चादर आणि टॉवेल यांनी देशभर नाव मिळवले, घराघरांत यंत्रमागांची खडखड सुरू झाली, आणि काम पुन्हा एकदा घराच्या उंबरठ्याशी आले. परंतु सुताचे भाव, विजेचे दर, स्वस्त मालाची स्पर्धा आणि कामगारांचा तुटवडा यांच्या ओझ्याखाली हा धंदाही वाकत गेला, आणि विसाव्या शतकाच्या अखेरीपासून एकेका गिरणीची जागा रिकामी होत गेली. भोंगा बंद झाल्यावर घड्याळ प्रत्येकाचे वेगळे झाले.

इथे एक बारकावा ध्यानात ठेवावा लागतो. कामाने घर सोडले ते केवळ धंदा बुडाला म्हणून नव्हे. विणकरांच्या आणि गिरणी कामगारांच्या पिढीने ते जाणीवपूर्वक घराबाहेर घालवले. मुलाने मागावर बसू नये, ही बापाचीच इच्छा होती. १९४० मध्ये सुरू झालेले दयानंद महाविद्यालय, पुढची संगमेश्वर, वालचंद यांसारखी महाविद्यालये आणि २००४ मध्ये स्थापन झालेले सोलापूर विद्यापीठ यांनी त्या इच्छेला वाट दिली. मराठी साहित्याने तरुणाच्या तुटलेपणाचा शोध घेतला तो प्रथम याहून वेगळ्या घरात: भालचंद्र नेमाडे यांच्या ‘कोसला’चा (१९६३) नायक शेतीवाडी असलेल्या घरातून पुण्याच्या वसतिगृहात आलेला विद्यार्थी आहे, आणि त्याच्या निरर्थकतेच्या अनुभवामागे घरून येणारा पैसा आहे. त्याच वर्षांत पूर्व भागातल्या त्याच्या वयाच्या मुलाला निरर्थकतेसाठी सुट्टी नव्हती. सोलापूर जिल्ह्यातीलच शरणकुमार लिंबाळे यांच्या ‘अक्करमाशी’ने (१९८४) तर प्रश्नच उलटा केला, कारण तिथे माणूस समाजापासून तुटत नाही, समाज त्याला जन्मापासूनच तोडून ठेवतो. जुन्या पेठेतल्या आपलेपणाचे गोडवे गाताना हे दुसरे पुस्तक शेजारी ठेवावे. त्या आपलेपणाच्या कडेला उभे असलेल्यांना तो कसा दिसत होता हे त्यातून कळते.

शिकलेल्या मुलासाठी सोलापुरात काम मात्र फारसे निर्माण झाले नाही, आणि त्यामुळे शिक्षणाचा शेवट बहुतेकदा रेल्वे स्थानकावर झाला. १९३१ च्या चार हुतात्म्यांच्या स्मरणार्थ ‘हुतात्मा एक्सप्रेस’ हे नाव मिळालेली गाडी सकाळी सोलापूरहून पुण्याला आणि संध्याकाळी पुण्याहून सोलापूरला धावते. तिच्यातून अभियांत्रिकीचे पदवीधर हिंजवडीकडे जातात आणि स्पर्धा परीक्षांचे उमेदवार पुण्याच्या मध्यवस्तीतल्या पेठांकडे. या दुसऱ्या गटाने ‘अभ्यासिका’ नावाची एक नवीच नागरी संस्था रुजवली आहे. अभ्यासिका म्हणजे महिन्याच्या भाड्याने मिळणारी एक खुर्ची आणि लाकडी पडद्यांनी तिन्ही बाजूंनी बंद केलेले टेबल. तिथे शेकडो तरुण दिवसाचे दहा-बारा तास शेजारी बसतात आणि बोलायला मनाई असते. मागांच्या कारखान्यातही माणसे अशीच दाटीवाटीने बसत, पण तिथे एकाच्या हातातला ताणा दुसऱ्याने लावलेला असे. अभ्यासिकेत शेजारी बसलेला प्रत्येक जण त्याच मोजक्या जागांसाठीचा प्रतिस्पर्धी असतो. शहर मोठे असण्याचा या एकटेपणाशी संबंध आहे, परंतु त्याची घडण संस्थेने केलेली आहे.

फ्रेंच समाजशास्त्रज्ञ एमिल द्युर्केम याने १८९७ मध्ये ‘प्रमाणकशून्यता’ ही संकल्पना विस्ताराने मांडली. समाजातील जुने नियम गळून पडतात, नवे अजून रुजलेले नसतात, आणि किती मिळाले म्हणजे पुरे हे सांगणारे माप माणसाकडे उरत नाही, अशा स्थितीला त्याने हे नाव दिले. कार्ल मार्क्स ज्याला परात्मता म्हणतो, म्हणजे स्वतःच्या श्रमाचे फळ स्वतःलाच परके होणे, ती तर गिरणीच्या काळातच इथे होती. विणलेले लुगडे विणकराच्या घरात नेसले जाईलच असे नव्हते. आजच्या तरुणाच्या वाट्याला आलेली अवस्था या दोहोंपैकी पहिलीशी अधिक जुळते. बापाकडे माप होते: दिवसाला इतके वार, आठवड्याला इतकी मजुरी. मुलाकडे गुणपत्रिका आहेत, पूर्वपरीक्षा आहेत, मोबाइलवर दिसणारी मित्रांची यशे आहेत, आणि यांपैकी कशालाही वरची हद्द नाही. बंगळूरुच्या निम्हान्स या संस्थेने २०१५-१६ मध्ये केलेल्या राष्ट्रीय मानसिक आरोग्य सर्वेक्षणात १३ ते १७ वयोगटातील मानसिक विकारांचे प्रमाण ७.३ टक्के आढळले, पण महानगरांत ते १३.५ टक्के होते. महाराष्ट्र हे त्या सर्वेक्षणातील १२ राज्यांपैकी नव्हते, त्यामुळे हे आकडे सोलापूरला थेट चिकटवता येत नाहीत. शिवाय ज्या मुलांचे शरीर एका शहरात आणि मन दुसऱ्या शहरात राहते, त्यांची गणना कोणत्या रकान्यात करायची हा प्रश्नही उरतोच.

कर्जाच्या इतिहासात हा बदल सर्वांत स्पष्ट दिसतो. कारखान्यातली बाकी ही क्रूर व्यवस्था होती, कारण ती माणसाला बांधून ठेवी. शैक्षणिक कर्ज, शिकवणीची फी, पुण्यातल्या खोलीचे भाडे आणि त्यासाठी मोडलेला दागिना ही आजच्या घराची बाकी आहे, आणि ती बरोबर उलट दिशेने काम करते: ती तरुणाला घराबाहेर लोटते आणि परत येणे अवघड करते. जुन्या बाकीचा हिशेब मालकाच्या वहीत असे, त्यावर भांडता येई, पळून जाता येई, संघटना करता येई. नव्या बाकीचा मोठा हिस्सा कुठेच लिहिलेला नसतो; आईने किती हजार विड्या वळल्या याची बेरीज मुलगा मनात करत राहतो, आणि फोनवर ‘ठीक चाललंय’ असे सांगतो. आईवडिलांना वाटते की मागावर बसावे लागत नाही तर याला चिंता कसली, आणि त्यांच्या अनुभवाच्या हिशेबाने ते चूक नसतात. दोन पिढ्यांमध्ये संवाद तुटतो तो माया आटल्यामुळे नव्हे. एका पिढीच्या दुःखाला मजुरी, मालक आणि संप अशी सर्वांना कळणारी भाषा होती. दुसऱ्या पिढीच्या दुःखाला घरातल्या तेलुगूत किंवा कन्नडमध्ये नाव नाही, आणि मराठी किंवा इंग्रजीत असलेले नाव उच्चारले की ते आजारपण ठरते.

मुलींच्या बाबतीत हा सगळा इतिहास वेगळ्या अंगाने वाचावा लागतो. हातमागाच्या उतरत्या काळात पूर्व भागातील घरे मोठ्या प्रमाणावर बायकांच्या विडी वळण्याच्या मजुरीवर तरली. मालकाच्या शाखेतून पाने आणि तंबाखू आणायचा, घरात विड्या वळायच्या, हजाराच्या हिशेबाने परत द्यायच्या, आणि तपासणीत बाद ठरवून बाजूला काढलेल्या विड्यांचा तोटा सोसायचा, अशी ही पद्धत; तिच्यात मुलगी आईशेजारी सुपाजवळ बसून वाढे. १९६६ च्या विडी व सिगार कामगार कायद्याने या घरबसल्या मजुरीला कायद्याची ओळख दिली. नरसय्या आडम यांच्या नेतृत्वाखालील कामगार चळवळीतून शहराबाहेर कुंभारी येथे कम्युनिस्ट नेत्या गोदुताई परुळेकर यांच्या नावाने दहा हजार घरांची वसाहत उभी राहिली, तिचे हस्तांतर २००६ मध्ये झाले, आणि त्याच भागात ३० हजार घरांच्या रे नगर प्रकल्पातील पहिल्या १५ हजार घरांचे हस्तांतर १९ जानेवारी २०२४ रोजी झाले. या घरांनी मालकी दिली आणि पेठ काढून घेतली, असा दुहेरी व्यवहार झाला. पण मुलींपुरते पाहायचे तर, ज्या मुलीला सुपाजवळ आईची सोबत होती, तिला आयुष्यभर तीच सोबत आणि तेच सूप वाट्याला येणार हेही ठरलेले होते. परिचारिकेचे किंवा संगणकाचे शिक्षण घेऊन पुण्यात चौघींत एक खोली घेणाऱ्या तिच्या मुलीला रात्री भीती वाटत असेल, एकटेपणाही वाटत असेल, आणि तरी दार आतून लावता येणारी खोली या घराण्यात तिच्याच वाट्याला प्रथम आली आहे. म्हणून तरुणाच्या तुटलेपणाकडे केवळ ऱ्हासाची खूण म्हणून पाहणारा इतिहास अर्ध्याच पेठेचा ठरतो. उरलेल्या अर्ध्या पेठेत कित्येक मुली लग्नाची बोलणी पुढे ढकलून, नोकरीच्या पहिल्या पगारातून आईचे विडीचे काम थांबवण्याचा हिशेब मांडत आहेत.